तुमच्या ताऱ्याला अधूनमधून मावळू द्या

नागपुरात बसून मराठीत नवी दुनिया उभारणाऱ्या मंडळींना खुलं पत्र

मित्रमैत्रिणींनो,

स. न. वि. वि.

तुमच्या जगाचा गठ्ठा माझ्याकडे मुद्रितं तपासायला आला होता. नकाशा, राजघराण्याची वंशावळ, देवांची यादी आणि पहिल्या तीन कथा. शुद्धलेखनाच्या खुणा करून तो परत पाठवलाय, त्यातलं इथे काही उगाळत नाही. हे पत्र तुमच्या इंद्रनीळ ताऱ्याबद्दल आहे. जाहीर अशासाठी लिहितोय की दिवाळी अंकांकडे येणाऱ्या अद्भुतकथांमध्ये हा तारा मला जवळजवळ दरवर्षी भेटतो. कधी त्याचं नाव नीलमणी असतं, कधी आदितारा. रंगाने निळा, आकाशात सर्वांत तेजस्वी आणि राजवाड्याच्या कळसावर कायमचा मुक्काम ठोकून.

आधी कौतुक करतो, कारण ते मनापासून आहे. तुम्ही नदीला घाट दिलेत, घाटावर भाड्यावरून भांडणारे नावाडी दिलेत, कर चुकवणारे मठ दिलेत. तुमच्या वज्रावती नगरीच्या बाजारात हळदीचा भाव कोण पाडतं हेसुद्धा तुम्हाला ठाऊक आहे. एवढं सगळं ज्यांना सुचतं त्यांनी तारा मात्र तयार उचलून आणावा, याचं वाईट वाटलं.

इंद्रनीळ वज्रावतीच्या बरोबर डोक्यावर, रात्रभर, बारा महिने स्थिर असतो. राजघराण्यातल्या थोरल्या मुलाच्या तलवारीत त्याचं तेज उतरतं. आणि तो शंभर कोटी वर्षं तिथेच आहे. तलवारीबद्दल माझं काही म्हणणं नाही, जादू तुमची आहे. पण रात्रभर डोक्यावर न हलणारा तारा फक्त ध्रुवावर उभ्या असलेल्या माणसाला दिसतो. नागपूर २१ अक्षांशावर आहे, म्हणून आपल्याला ध्रुवतारा उत्तरेला क्षितिजापासून जेमतेम २१ अंश वर दिसतो. इंद्रनीळ डोक्यावर अढळ हवा असेल तर वज्रावती उचलून ध्रुवावर न्यावी लागेल. तिथे सहा महिन्यांची रात्र, आणि तुमच्या आमराया बर्फाखाली. वयाचंही तसंच. निळे राक्षसी तारे भयंकर तापट आणि उधळे असतात. मृगातला राजन्य बघा, पृष्ठभागावर १२,००० केल्विनच्या आसपास. असे तारे एखाद्-दोन कोटी वर्षांत इंधन फुंकून मोकळे होतात. शंभर कोटी वर्षं टिकणं त्यांच्या प्रकृतीत नाही.

‘आमच्या जगात भौतिकशास्त्र वेगळं आहे’ असं तुम्ही म्हणाल. म्हणा, मला चालेल. माझी खरी तक्रार दुसरीच आहे. तुमचा तारा कधी जातच नाही. त्यामुळे त्याची कोणी वाट बघत नाही, त्याच्यावरून कोणी दिवस मोजत नाही, पेरणी अडत नाही, लग्न लांबत नाही, दोन पुरोहितांची जुंपत नाही. तो नुसता दिसतो. तीन कथांत मिळून त्याच्याकडे बघून ‘अहाहा’ म्हणण्यापलीकडे कोणी काही केलेलं नाही.

आता आपल्याकडचं बघा. २५ मेच्या सुमारास सूर्य रोहिणी नक्षत्रात जातो आणि नागपुरात नवतपा लागतो. नऊ दिवस. दुपारी रस्त्यावर चिटपाखरू नाही, कूलरच्या टाकीत दिवसातून दोनदा पाणी, बाहेर पडायचंच झालं तर डोक्याला दुपट्टा आणि खिशात कांदा. हे नऊ दिवस कडक तापले तर पुढे पाऊस चांगला, मध्येच पाऊस आला तर हंगामाचं काही खरं नाही, असं जुनी माणसं सांगतात. सगळं रोहिणीच्या नावावर.

पण ही रोहिणी त्या दिवसांत असते कुठे? मेच्या अखेरीस सूर्य आकाशात तिच्या अगदी जवळून जातो. ती त्याच्या झगमगाटात बुडालेली असते, पहाटे नाही, संध्याकाळी नाही. अख्खं शहर जिच्या नावाने भाजून निघतं ती नेमकी तेव्हाच कोणाला दिसत नाही! आणि सुमारे ६५ प्रकाशवर्षांवरच्या त्या तांबूस ताऱ्याचा आपल्या उन्हाशी काडीचा संबंध नाही. संबंध आहे सूर्याच्या उंचीशी. २६ मे रोजी दुपारी बारा वाजून दहा मिनिटांच्या सुमारास नागपुरात सूर्य बरोबर डोक्यावर येतो. त्या वेळी गच्चीच्या फरशीवर एखादा सरळ कडांचा डबा ठेवून बघा, हिंमत असेल तर. एरवी एका बाजूला पसरलेली सावली आक्रसत आक्रसत डब्याच्या बुडाखाली जाते आणि मिनिटभर डब्याभोवती नुसती पांढरी फरशी उरते. हाच शून्य सावलीचा दिवस. त्यात भर म्हणून सव्वातेरा तासांचा दिवस, समुद्र लांब, जमीन कोरडी ठक्क. दुसऱ्यांदा सूर्य असा डोक्यावर येतो तो जुलैत, पण तेव्हा बहुधा ढग असतात आणि कोणाच्या लक्षातही येत नाही.

म्हणजे पंचांग रोहिणीचं नाव घेतं, खगोलवाले सूर्याच्या क्रांतीचं (म्हणजे तो आकाशात किती उत्तरेला सरकलाय त्याचं), आणि तारीख दोघांचीही तीच निघते. कारण वेगळं, तारीख एक. तुमच्या कथेत एकीकडे अडाणी पुजारी आणि दुसरीकडे शहाणा वैज्ञानिक असे दोन पुतळे समोरासमोर उभे केलेत ना, त्यांच्यात जीव नाही तो यामुळेच. ज्यांनी उन्हाळ्याला रोहिणीचं नाव दिलं त्यांना न दिसणारा तारा या घडीला कुठे असेल हे नेमकं माहीत होतं. पुजाऱ्याला तेवढं तरी गणित येऊ द्या.

रोहिणीमागून मृग. ७-८ जूनला सूर्य मृगात गेला की ‘मिरग लागला’ म्हणतात. विदर्भात मान्सून साधारण जूनच्या मध्याला येतो, पण धूळपेरणी करणारे त्याच्या आधीच कपाशी टाकून बसतात. मृगाचे तारेही तेव्हा उन्हात लपलेलेच. पंचांगात या पावसाच्या नक्षत्रांना वाहनं दिलेली असतात. बेडूक, म्हैस, कोल्हा, मोर, उंदीर, गाढव, घोडा, हत्ती, मेंढा. मुद्रितं तपासताना मला सर्वांत आवडणारा रकाना हाच. हवामानशास्त्राच्या लेखी त्याची किंमत शून्य, मान्य. पण तिथीच्या घटका-पळांत चूक राहिली तर सहसा कोणी ओरडत नाही, आणि म्हशीच्या जागी मेंढा छापला गेला तर छापखान्यात फोन येतात. तुमच्या इंद्रनीळाला वाहन आहे का? नसेल तर वज्रावतीच्या शेतकऱ्यांनी त्याच्याकडे कधी बघितलेलंच नाही असं मी समजेन.

अद्भुताच्या दृष्टीने याहून सरस उदाहरण अगस्त्याचं. रामटेकच्या गडावर अगस्त्य मुनींचा आश्रम दाखवतात, तो तुमच्यापैकी बहुतेकांनी सहलीत पाहिलेला असेल. लोपामुद्रा तर महाभारतात विदर्भराजाची लेक, म्हणजे अगस्त्य आपले जावई. विंध्य पर्वत वाढत सुटला, सूर्याची वाट अडवू लागला, तेव्हा अगस्त्यांनी त्याला सांगितलं की मी दक्षिणेला जाऊन येतो, तोवर वाकून राहा. आणि ते परत आलेच नाहीत. गोष्टीचा सगळा जोर या न परतण्यावर आहे.

आता तारा बघा. अगस्त्य हा आकाशातला दुसऱ्या क्रमांकाचा तेजस्वी तारा, पण खूप दक्षिणेला. फेब्रुवारीत रात्री साडेनऊच्या सुमारास, दक्षिणेकडचं क्षितिज मोकळं असलेल्या गच्चीवरून तो क्षितिजाच्या साधारण १६ अंश वर दिसतो. हात ताणून धरलेल्या दीड मुठी. दिल्लीहून जेमतेम नऊ अंश, आणि ३७ अक्षांशाच्या पलीकडे तो उगवतच नाही. उत्तरेकडून चालत येणाऱ्या माणसाला विंध्य ओलांडता ओलांडता हा तारा वर वर येताना दिसणार. वर्षातले काही महिने तो सूर्यामागे गडप होतो आणि पावसाळा ओसरताना पहाटे दक्षिणेला पुन्हा उगवतो. अगस्त्य उगवला की गढूळ पाणी निवळतं, हे संस्कृत कवींचं ठरलेलं वर्णन. समुद्र प्यायलेला ऋषी तो, त्याच्याकडे पाण्याचं खातं असणारच. पण पाणी निवळायला कारण पाऊस थांबल्याचं आणि गाळ खाली बसल्याचं. पुन्हा तेच बघा, तारीख बरोबर, कारण वेगळं.

आणखी एक गंमत. पृथ्वीचा अक्ष सुमारे २५,८०० वर्षांत एक गिरकी घेतो, म्हणून तारे हळूहळू उत्तर-दक्षिण सरकतात. अगस्त्य उत्तरेकडे जितका येऊ शकतो जवळपास तितका आज आलेला आहे. बारा-तेरा हजार वर्षांपूर्वी तो दक्षिण ध्रुवाच्या इतका जवळ होता की नागपूरच्या जागेवरून दिसणं शक्यच नव्हतं. तुमच्या जगाचा इतिहास तुम्ही वीस हजार वर्षांचा लिहिलाय. त्यात एखादा तारा नव्याने क्षितिजावर येऊन पहिल्यांदा दिसण्याचा प्रसंग टाका की! कोणत्या पिढीने पाहिला, कोणत्या किनाऱ्यावरून, आणि त्याआधी तो नव्हताच हे पुढे कोणी कोणी लपवलं. अक्ष फिरतो तसा ध्रुवाचा बिंदूही सरकतो, सुमारे १८० वर्षांत एक अंश, म्हणजे दोन पूर्णचंद्रांएवढा. ज्या राज्याने अढळ तारा दिसावा म्हणून देवळाला झरोका ठेवला, त्याच्या झरोक्यातून काही पिढ्यांनी तारा दिसेनासा होणार. पुजारी काय सांगतील? देऊळ खचलंय. आणि गवंड्याला फटके बसतील.

इंद्रनीळासाठी माझी सूचना याच्या पुढची आहे. त्याला नुसतं उगवू-मावळू देऊ नका, त्याला विझूही द्या. तिमिंगल तारकासमूहात मीरा नावाचा तारा आहे. १५९६ साली फाब्रिसियस नावाच्या जर्मन पाद्र्याने तो पाहिला आणि काही आठवड्यांनी तो दिसेनासा झाला. पुढे कळलं की तो सुमारे ३३२ दिवसांच्या फेरीत फुलतो आणि विझतो. भरात असताना नुसत्या डोळ्यांनी सहज दिसतो, बाकी बरेच महिने दुर्बिणीशिवाय सापडत नाही. हा म्हातारा, फुगलेला, तांबडा तारा आहे, त्यामुळे निळ्याचा हट्ट सोडावा लागेल. नाव इंद्रनीळच ठेवा. तांबड्या ताऱ्याला इंद्रनीळ का म्हणतात याची एक कथा तुम्हाला फुकट मिळेल.

आता हिशोब करा. ३३२ गुणिले ११ म्हणजे ३६५२ दिवस, बरोबर दहा वर्षं. तुमच्या जगाचं वर्ष आपल्याएवढंच आहे असं धरलं, तर तारा दरवेळी महिनाभर आधी फुलणार, ऋतू मागे टाकत जाणार, आणि दहाव्या वर्षी पुन्हा त्याच ऋतूत येणार. म्हणजे वज्रावतीला दर दहा वर्षांनी एक मोठी जत्रा आली. आपल्याकडे गुरू ग्रह सुमारे बारा वर्षांनी सिंह राशीत परततो तेव्हा नाशिकला सिंहस्थ भरतो, तसंच हे. जत्रा म्हटली की नावाड्यांचं भाडं चौपट, हळदीवर जकात, मठांचे मंडप, चोर, हरवलेली पोरं. तुमच्याकडे माणसं तयार आहेत, त्यांना तारीख मिळाली.

आणि मीरा लहरी आहे. एखाद्या फेरीत झगझगीत उजळते, एखाद्या फेरीत जेमतेम दिसेल इतकीच. फेरीचे दिवसही थोडे मागेपुढे होतात. दहा वर्षं वाट बघून लाखभर लोक घाटावर जमलेत आणि तारा फिका निघाला, तर त्या रात्री राजाचं काय होईल? तलवारीत तेज उतरण्यापेक्षा मला ही रात्र वाचायला आवडेल.

कोणाला ताऱ्याची लहर आधी कळावी असं वाटलं तर राजपुत्र नको. जॉन गुडरिक नावाच्या, ऐकू न येणाऱ्या इंग्रज मुलाने १७८३ साली, वयाच्या अठराव्या वर्षी, अल्गोल ताऱ्याचं तेज दर २ दिवस २० तास ४९ मिनिटांनी ढळतं हे मोजून काढलं, आणि एखादी अंधारी वस्तू त्याच्याआडून जात असावी असंही सुचवलं. शंभरेक वर्षांनी ते खरं ठरलं. तो स्वतः एकविसाव्या वर्षीच गेला. घाटावर दिवे लावणाऱ्या पोरीला असं काही मोजू द्या.

मिथकाबद्दल एकच गोष्ट सांगतो. तुमच्या जगात सगळ्यांची एकच कथा आहे: राजधानीत, जंगलात, समुद्रकाठी, इंद्रनीळ म्हणजे पहिल्या राजाचा डोळा. हे कसं शक्य आहे? आपलं नागपूर गोंड राजा बख्त बुलंद शहाने १७०२ च्या सुमारास वसवलं. याच मुलखात एकाला आकाशात सप्तर्षी दिसतात आणि गोंडांच्या कथेत तेच तारे म्हणजे चार पायांची खाट आणि ती पळवायला निघालेले तीन चोर. लग्नात गुरुजी नवरानवरीला त्याच सात ताऱ्यांतल्या वसिष्ठाशेजारची अरुंधती दाखवतात. (मंगल कार्यालयाच्या गच्चीवरून खरं तर हॅलोजनच दिसतो, पण दोघंही मान डोलावतात.) ऋषी, त्यांची पतिव्रता आणि खाटचोर एकाच जागी नांदतात. तुमच्या जंगलातल्या लोकांना राजाच्या डोळ्याशी काय देणंघेणं? त्यांच्या लेखी तो विझणारा तांबडा तारा कोणाच्या तरी चुलीतला निखारा असू दे, आणि तो विझला की विस्तव मागायला शेजाऱ्याकडे जायचं नाही, असा नेम असू दे.

कथा लोकांनी रचली तरी तिला आकाशाचा धाक असतो. चंद्राला सत्तावीस बायका, त्यात रोहिणी लाडकी, म्हणून दक्षाने शाप दिला आणि चंद्र झिजू लागला. चंद्र खरोखरच रोहिणीला कधी कधी झाकतो. २०१५ ते २०१८ या काळात दर महिन्याच्या फेरीत, पृथ्वीवर कुठून ना कुठून, तो तिच्यावरून गेला. मग थांबला. हे चक्र साडेअठरा वर्षांचं आहे, म्हणजे मधली सुमारे पंधरा वर्षं तो नुसता जवळून जातो. लाडकीची ही तऱ्हा, तर बाकीच्या सव्वीस जणींनी कोणाकडे बघायचं?

भांडणाला आकाशच हवं असंही नाही, ताऱ्याची निवडसुद्धा पुरते. राशिचक्राचा आरंभ कुठून मोजायचा यावरून महाराष्ट्रात चित्रा पक्ष आणि रैवत पक्ष असे दोन तट पडले. एकाचा आधार चित्रा तारा, दुसऱ्याचा रेवतीतला एक मंद तारा. दोघांत सुमारे चार अंशांचा फरक. त्यामुळे रैवत पक्षाच्या टिळक पंचांगात मकरसंक्रांत १४ ऐवजी १० जानेवारीच्या आसपास येते, आणि अधिक महिना वेगळा पडला तर एखाद्या वर्षी दिवाळीसुद्धा महिनाभर सरकते. कोणी तलवार उपसली नाही, पण वाद पिढ्यान्‌पिढ्या चालला. शेवटी सरकारने १९५२ साली मेघनाद साहांच्या अध्यक्षतेखाली पंचांग सुधारणा समिती नेमली, तिच्यात आपल्या नागपूरचे विद्वद्रत्न के. ल. दप्तरी होते. २२ मार्च १९५७ पासून राष्ट्रीय दिनदर्शिका लागूही झाली. घरी लाडवांचा बेत मात्र कोणी तिच्यावरून ठरवत नाही.

तेव्हा चौथी कथा लिहायच्या आधी वज्रावतीच्या पंचांगाचं एक पान तयार करा. इंद्रनीळ विझलेल्या महिन्यांत जन्मलेल्या मुलाचं नाव कोण ठेवतं, सावकार त्या दिवसांचं व्याज लावतो की नाही, तारा पहिल्यांदा दिसला हे जाहीर करायचा मान कोणाचा आणि त्याचे किती पैसे मिळतात, ढगाळ रात्री तो न दिसताच ‘दिसला’ म्हणणाऱ्याला काय शिक्षा, एवढं त्या पानावर यावं. वाहनाचा रकाना विसरू नका. ते पान मी तपासून देईन, त्याचे पैसे नकोत. फक्त पाठवायच्या आधी वज्रावती नकाशावर कोणत्या अक्षांशाला आहे ते एकदाचं ठरवून टाका. आत्ता ती पान ४ वर वेगळीकडे आहे आणि पान ११ वर वेगळीकडे.

आपला,
एक मुद्रितशोधक
महाल, नागपूर